देशपांडे, पु. ल. : दूरचित्रवाणी-कार्य

देशपांडे, पुरुषोत्तम लक्ष्मण : (८ नोव्हेंबर १९१९–१२ जून २०००). विख्यात मराठी विनोदकार, नाटककार, नट, संगीतकार, चित्रपट-दिग्दर्शक, एकपात्री प्रयोगकार आणि भारतीय दूरचित्रवाणीचे आद्य कार्यक्रम-निर्माते. महाराष्ट्रात ते ‘पु. ल.’ या आद्याक्षरांनीच ओळखले जातात. त्यांच्या वाङ्मयाची व नाट्यकार्याची चर्चा मराठीत विपुल झाली आहे. दूरचित्रवाणीवरील त्यांच्या कार्याचा उल्लेख मात्र बहुधा ‘पहिले निर्माते’ एवढ्या एका विशेषणात आटोपतो. वस्तुतः हे माध्यम भारतात आले तेव्हा त्याला कोणत्या प्रकारच्या माणसाची गरज होती, तसा माणूस कोठून मिळाला आणि मिळाल्यावर तो तेथे का टिकला नाही, हे समजून घेण्यासाठी पु. लं.चे उदाहरण फार उपयुक्त आहे.

पूर्वायुष्य व घडण : पु. लं.चा जन्म मुंबईचा. बालपण जोगेश्वरी व विलेपार्ले या उपनगरांत गेले. त्यांचे मातामह वामन मंगेश दुभाषी हे ‘ऋग्वेदी’ या नावाने लेखन करीत. रवींद्रनाथ टागोरांच्या गीतांजलीचा त्यांनी मराठीत अनुवाद केला होता. घरात गाणे, कीर्तन व नाटक यांची आवड होती. पु. ल. लहानपणीच पेटी वाजवू लागले. पार्ल्याच्या टिळक विद्यालयातील शालेय शिक्षणानंतर मुंबई, पुणे व सांगली येथे त्यांचे महाविद्यालयीन शिक्षण झाले. एम्.ए. व एल्एल्.बी. या पदव्या त्यांनी संपादन केल्या. तथापि वकिली कधी केली नाही. मुंबईस शाळेत शिक्षक, बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात व पुढे मुंबईच्या कीर्ती महाविद्यालयात प्राध्यापक, अशा नोकऱ्या त्यांनी केल्या. १९४६ मध्ये रत्नागिरी येथे सुनीता ठाकूर यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

या काळात त्यांनी जवळजवळ प्रत्येक उपलब्ध कलामाध्यमात काम केले. मो. ग. रांगणेकरांच्या ‘नाट्यनिकेतन’ या संस्थेच्या नाटकांत ते नट म्हणून वावरले. आकाशवाणीवरील श्रुतिकांत त्यांनी भूमिका केल्या. १९४७ पासून १९५३ पर्यंत मराठी चित्रपटसृष्टीत त्यांनी अभिनय, कथा, पटकथा, संवाद, संगीत व दिग्दर्शन अशा सर्व बाजू सांभाळल्या. कुबेर (१९४७), वंदे मातरम् (१९४८), पुढचे पाऊल (१९५०), देवबाप्पा (१९५३) हे त्यांचा सहभाग असलेले काही चित्रपट. गुळाचा गणपती (१९५३) या चित्रपटाची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका ही सर्व त्यांचीच होती. त्यामुळे ‘सबकुछ पु. ल.’ ही उक्ती रूढ झाली. मात्र हा चित्रपट पूर्ण झाल्यावर ते चित्रपटव्यवसायापासून दूर झाले. नाटककार म्हणून तुका म्हणे आता (१९४८), अंमलदार (१९५२) व तुझे आहे तुजपाशी (१९५७) ही नाटके, तर विनोदकार म्हणून खोगीरभरती (१९४९) व बटाट्याची चाळ (१९५८) ही पुस्तके या पहिल्या टप्प्यातील होत.

हे बहुविध उद्योग एखाद्या हौशी कलावंताच्या चंचलतेचे द्योतक वाटण्याचा संभव आहे. परंतु त्या काळच्या मराठी कलाव्यवहाराचे स्वरूप पाहता ते स्वाभाविक होते. बोलपट आल्यानंतर संगीत रंगभूमीला उतरती कळा लागली होती. चित्रपटाचे अर्थकारण अस्थिर होते आणि नभोवाणीवरील मानधन अल्प होते. एकाच माध्यमावर उपजीविका चालणे कठीण असल्यामुळे लेखणी, आवाज, अभिनय व पेटी ही सर्व साधने हाताशी ठेवणारा कलावंत या व्यवस्थेत तयार होत असे. पु. लं.चा विशेष असा, की या प्रत्येक क्षेत्रात त्यांनी पहिल्या प्रतीचे काम केले आणि एका माध्यमातील शहाणपण दुसऱ्यात नेले. संवादाची लय त्यांना गाण्यातून उमजली होती, तर श्रोता समोर नसताना त्याला उद्देशून बोलण्याची हातोटी नभोवाणीने शिकविली होती.

आकाशवाणीतील सेवा : १९५५ मध्ये पु. ल. आकाशवाणीच्या सेवेत आले आणि नाट्यविभागाचे निर्माते म्हणून त्यांनी काम केले. साहित्य, संगीत व नाट्य या क्षेत्रांतील नामवंतांना निर्माते म्हणून बोलवावयाचे, हे त्या वेळी आकाशवाणीचे धोरण होते. पुणे केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी सुरू झाले होते आणि अल्पावधीतच ते एका महत्त्वाच्या प्रयोगाचे क्षेत्र बनले. १९५६ मध्ये युनेस्कोच्या साहाय्याने पुणे व आसपासच्या जिल्ह्यांतील सु. १५० खेड्यांत शेतकरी श्रोतृमंडळे स्थापन करण्यात आली. ठरावीक दिवशी गावकऱ्यांनी एकत्र बसून कार्यक्रम ऐकावयाचा, त्यावर चर्चा करावयाची व आपल्या शंका केंद्राकडे पाठवावयाच्या, अशी ही योजना होती. कार्यक्रम सांगणारा आणि ऐकणारा यांत दुहेरी देवघेव शक्य आहे, हे या प्रयोगाने दाखवून दिले. पुढे दिल्लीत दूरचित्रवाणी सुरू करताना सामुदायिक ग्राहक संच व त्याभोवती जमणारी प्रेक्षक-मंडळे ही जी कल्पना स्वीकारली गेली, तिचे पूर्वरूप या महाराष्ट्रातील खेड्यांत सापडते.

लंडन येथील शिक्षण : १९५८ मध्ये युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर पु. ल. दूरचित्रवाणीच्या अभ्यासासाठी इंग्लंडला गेले. लंडनच्या बी.बी.सी. या संस्थेत त्यांनी कार्यक्रम-निर्मितीचे शिक्षण घेतले. नंतर फ्रान्स व पश्चिम जर्मनी येथेही काही काळ वास्तव्य केले. बी.बी.सी.ने १९३६ मध्ये दूरचित्रवाणी सुरू केली होती. महायुद्धात बंद पडलेली ही सेवा १९४६ मध्ये पुन्हा चालू झाली. १९५३ मधील राणी एलिझाबेथच्या राज्यारोहण-समारंभाच्या प्रक्षेपणानंतर ती घरोघरी पोहोचली आणि १९५५ मध्ये व्यापारी तत्त्वावरील स्पर्धक सेवा सुरू झाली. म्हणजे पु. ल. तेथे पोहोचले तेव्हा हे माध्यम बाल्यावस्था संपवून स्वतःची शैली घडवीत होते. या प्रवासाचे वर्णन त्यांच्या अपूर्वाई (१९६०) या पुस्तकात आले असून मराठी प्रवासवर्णनाला त्याने नवे, खेळकर वळण दिले. सरकारी शिक्षणदौऱ्याचे सर्वांत टिकाऊ फळ एक ललितग्रंथ ठरावे, ही गोष्ट पुढील घटनांच्या दृष्टीने सूचक आहे.

दिल्ली केंद्र : भारतातील पहिले दूरचित्रवाणी-केंद्र १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्ली येथे सुरू झाले. राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. या आरंभाला दोन बाह्य गोष्टी कारणीभूत ठरल्या. नेदर्लंड्समधील आइंटहोव्हन येथे १८९१ मध्ये स्थापन झालेल्या फिलिप्स या उद्योगसंस्थेने दिल्लीतील एका प्रदर्शनात आपली प्रक्षेपण-यंत्रणा दाखविली होती. ती भारत सरकारला सवलतीच्या दरात उपलब्ध झाली. सामुदायिक ग्राहक संचांसाठी युनेस्कोने आर्थिक साहाय्य दिले. केंद्र आकाशवाणीचाच एक भाग होते आणि आकाशवाणी भवनातील तात्पुरत्या कलागृहातून आठवड्यातून दोनदा, थोडा वेळ कार्यक्रम होत. त्यांचे क्षेत्र दिल्ली व भोवतालच्या परिसरापुरते होते आणि ग्राहक संच मोजके होते. दैनंदिन सेवा सुरू होण्यास १९६५ साल उजाडावे लागले.

या केंद्राचे पहिले कार्यक्रम-निर्माते म्हणून पु. लं.ची नियुक्ती झाली. पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांची भारतीय दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत घेण्याचा मानही त्यांच्याकडे जातो. त्यांच्या या कामाचे स्वरूप आजच्या निर्मात्याच्या कामाहून अगदी वेगळे होते. आरंभीच्या काळात कार्यक्रम बहुतांशी प्रत्यक्ष, त्याच क्षणी प्रक्षेपित होत. चुकलेले वाक्य पुसण्याची वा दृश्य पुन्हा चित्रित करण्याची सोय नसे. तंत्रज्ञ, लेखक, नट व निवेदक यांची स्वतंत्र श्रेणी अद्याप निर्माण व्हावयाची होती. अशा परिस्थितीत संहिता लिहू शकणारा, नटांना उभे करणारा, संगीत जुळविणारा आणि प्रसंगी स्वतः कॅमेऱ्यासमोर बसून वेळ सावरणारा माणूसच उपयोगी पडला असता. बहुरूपित्व ही या माध्यमाची तेव्हाची मूलभूत गरज होती आणि गुळाचा गणपतीसारखा चित्रपट एकहाती सिद्ध करणाऱ्या पु. लं.ची ती सहज पूर्वतयारी होती.

प्रत्यक्ष प्रक्षेपणाच्या या पद्धतीचा दुसरा परिणाम इतिहासाच्या दृष्टीने खेदजनक आहे. पु. लं.ची पुस्तके, नाटके, चित्रपट व गाणी उपलब्ध आहेत. परंतु ज्या माध्यमाचे ते भारतातील आद्य निर्माते, त्यातील त्यांचे दिल्लीचे काम अभ्यासकाला पाहून पारखता येत नाही. हे काम ज्यांनी पाहिले, ते प्रेक्षकही थोडेच होते. त्यामुळे ‘पहिले’ हा क्रमवाचक शब्द शिल्लक राहिला आणि गुणवाचक चर्चेला आधारच उरला नाही.

सरकारी सेवेचा त्याग : दिल्लीतील कारकीर्द अल्पकाळच टिकली. पु. लं.नी सरकारी सेवा सोडली व ते पूर्णवेळ लेखन आणि रंगभूमी यांकडे वळले. या निर्णयाची संगती त्या वेळच्या माध्यमस्थितीत लावता येते. दूरचित्रवाणी ही शासकीय खात्याची प्रायोगिक शाखा होती. सामाजिक शिक्षण हे तिचे घोषित उद्दिष्ट होते आणि करमणुकीला तीत गौण स्थान होते. १९६१ पासून शालेय पाठांवर भर देण्यात आला. मराठीतून हसविणाऱ्या कलावंताचा प्रेक्षक मुंबई, पुणे, नागपूर, बेळगाव, इंदूर येथे होता आणि तेथपर्यंत दिल्लीचे प्रक्षेपण पोहोचणे शक्य नव्हते. थोडक्यात, कलावंत होता, यंत्र होते. त्या दोहोंना जोडणारा प्रेक्षकवर्ग मात्र नव्हता.

या संदर्भात फिलिप्सच्या मायदेशाशी तुलना उद्बोधक ठरते. नेदर्लंड्समध्ये दूरचित्रवाणी २ ऑक्टोबर १९५१ रोजी सुरू झाली. तेथे प्रक्षेपण शासकीय खात्याकडे नसून निरनिराळ्या धर्मपंथांच्या व विचारसरणींच्या सभासद-संस्थांकडे होते. मीस बाउमन (१९२९–२०१८) या तेथील आरंभकाळच्या निवेदिका पुढे मुलाखतकार व सूत्रसंचालक म्हणून राष्ट्रमान्य झाल्या. नोव्हेंबर १९६२ मध्ये आर्नम येथील अपंगांच्या वसाहतीसाठी त्यांनी सु. २३ तास सलग कार्यक्रम चालवून निधी जमविला, तेव्हा सारा देश त्यात सहभागी झाला होता. रूडी कारेल (१९३४–२००६) हे गायक, विनोदकार व सूत्रसंचालक नेदर्लंड्समधून पश्चिम जर्मनीत गेले आणि तेथील दूरचित्रवाणीचेही अग्रगण्य कलावंत बनले. या दोघांची कारकीर्द दूरचित्रवाणीनेच घडविली व पोसली. कारण देश लहान होता, संच घरोघरी होते आणि करमणूक हे माध्यमाचे मान्य कार्य होते. पु. लं.च्या ठिकाणी तशाच प्रकारची गुणसंपदा असूनही त्यांना ते क्षेत्र मिळाले नाही.

एकपात्री प्रयोग : दूरचित्रवाणी सोडल्यावर पु. लं.नी जे केले, त्याचा या माध्यमाशी असलेला संबंध सहसा ध्यानात घेतला जात नाही. १९६१ मध्ये त्यांनी बटाट्याची चाळचे एकपात्री प्रयोग सुरू केले. पाठोपाठ वाऱ्यावरची वरात (१९६२), असा मी असामी व हसवण्याचा माझा धंदा हे कार्यक्रम आले. बटाट्याची चाळमध्ये नेपथ्याचा पसारा नव्हता. एकच माणूस आवाज, मुद्रा व उभे राहण्याची ढब यांच्या अल्पशा बदलाने चाळीतील अनेक बिऱ्हाडे उभी करीत असे. कीर्तनकार व बहुरूपी यांची देशी परंपरा या प्रयोगांमागे होतीच. परंतु प्रेक्षकाशी घरगुती सुरात बोलणे, मोठ्या हावभावांऐवजी सूक्ष्म मुद्राभिनयावर भिस्त ठेवणे, छोट्या छोट्या प्रसंगांची साखळी गुंफणे, या गोष्टी नभोवाणी व दूरचित्रवाणी यांच्या संस्काराशीही जुळतात. छोट्या पडद्याला अनुकूल अशी ही शैली पडद्याच्या अभावी त्यांनी नाट्यगृहात रुजविली, असे म्हणता येईल.

या प्रयोगांच्या व्यवस्थापनात सुनीताबाईंचा वाटा मोठा होता. तिकिटविक्रीपासून वेळेच्या शिस्तीपर्यंत सर्व बाजू त्या कटाक्षाने पाहत. त्यांचे आहे मनोहर तरी (१९९०) हे आत्मकथन या सहजीवनाचे परखड चित्र रेखाटते. प्रयोग व लेखन यांतून मिळालेल्या उत्पन्नातून पु. ल. देशपांडे प्रतिष्ठान उभे राहिले आणि अनेक सामाजिक व सांस्कृतिक कार्यांना त्याने साहाय्य केले. १९८६ मध्ये पुण्यात स्थापन झालेले मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र हे त्याचे ठळक उदाहरण. शासकीय पगार सोडून लोकाश्रयावर विसंबण्याचा निर्णय अशा रीतीने समाजाकडे परत गेला.

महाराष्ट्रातील दूरचित्रवाणी : मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि मराठी ही दूरचित्रवाणीची भाषा बनली. १९७३ मध्ये सिंहगडावरील सहक्षेपण केंद्रामुळे पुणे शहर, पिंपरी-चिंचवडची औद्योगिक वसाहत आणि त्यांच्या भोवतालचा ग्रामीण टापू मुंबईच्या कार्यक्रमांच्या कक्षेत आला. पवनाकाठची पुनावळे, रावेत यांसारखी तेव्हाची शेतीप्रधान गावे आणि शेजारच्या कारखान्यांतील कामगारवस्ती यांच्यासाठी एकच पडदा खुला झाला. आमची माती आमची माणसं, ज्ञानदीप, गजरा, प्रतिभा आणि प्रतिमा हे कार्यक्रम आणि दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांची चिमणराव ही मालिका लोकप्रिय झाली. यांतील प्रहसने, मुलाखती व व्यक्तिदर्शने यांचा साचा पाहिला, तर रंगभूमी, नभोवाणी व ललितलेखन यांच्या संगमातून तो घडल्याचे दिसते. हा संगम पु. लं.च्या पिढीने आधीच साधला होता. त्यांच्या ती फुलराणी या नाटकातील नायिकेच्या भूमिकेने गाजलेल्या भक्ती बर्वे यांचा दूरदर्शनशी असलेला संबंध याच देवघेवीची साक्ष देतो.

मराठी प्रेक्षकवर्ग तयार झाला तेव्हा पु. ल. पन्नाशी ओलांडलेले, मान्यताप्राप्त लेखक होते. १९६५ मध्ये व्यक्ती आणि वल्ली या पुस्तकास साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला होता. १९७४ मध्ये इचलकरंजी येथील मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. दूरदर्शनवर ते पाहुणे म्हणून दिसले. या नव्या केंद्राची घडण मात्र त्यांच्या हातून व्हावयाची नव्हती. आणीबाणीच्या काळात (१९७५–७७) त्यांनी विचारस्वातंत्र्याच्या बाजूने निर्भय भूमिका घेतली आणि १९७७ च्या निवडणुकीत जनता पक्षाच्या बाजूने प्रचारसभांतून भाषणे केली. नभोवाणी व दूरचित्रवाणी या दोन्ही माध्यमांवर शासनाचे पूर्ण नियंत्रण असलेल्या त्या दिवसांत एका माजी दूरचित्रवाणी-निर्मात्याने आपला शब्द जाहीर सभेच्या व्यासपीठावरून लोकांपुढे ठेवला, हे लक्षणीय आहे. १९७६ मध्ये दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळे करण्यात आले. स्वायत्त प्रसार भारती निगम प्रत्यक्षात येण्यास १९९७ साल लागले.

पुढील काळात मुंबईच्या ‘नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्स’ या संस्थेचे मानद संचालक म्हणून पु. लं.नी काम केले. संगीत व नाट्य यांच्या जुन्या परंपरा ध्वनिमुद्रित करून जतन करण्याच्या तेथील कार्यात त्यांना रस होता. ज्याचे स्वतःचे दूरचित्रवाणीवरील आरंभीचे काम जतन झाले नाही, त्याने इतरांच्या कलेच्या जतनास हातभार लावावा, यातील औचित्य सहज जाणवते. ध्वनिफिती व चित्रफिती यांचा प्रसार झाल्यावर त्यांचे कथाकथन व प्रयोगही घरोघरी पोहोचले आणि ज्यांनी त्यांना रंगमंचावर कधी पाहिले नाही, अशी एक पिढी त्यांची प्रेक्षक बनली.

मूल्यमापन : पद्मश्री (१९६६), पद्मभूषण (१९९०), महाराष्ट्र भूषण (१९९६) इ. सन्मान पु. लं.ना लाभले. पुणे येथे त्यांचे निधन झाले; तो त्यांच्या विवाहाचा चोपन्नावा वाढदिवस होता. मुंबईतील पु. ल. देशपांडे महाराष्ट्र कला अकादमी व पुण्यातील सिंहगड रस्त्यावरील उद्यान ही त्यांची स्मारके होत. त्यांच्या जीवनावर भाई : व्यक्ती की वल्ली हा चित्रपट २०१९ या जन्मशताब्दीच्या वर्षी दोन भागांत प्रदर्शित झाला.

दूरचित्रवाणीच्या इतिहासात पु. लं.चे स्थान ठरविताना दोन टोके टाळावी लागतात. केवळ आरंभाच्या मानामुळे त्यांना भारतीय दूरचित्रवाणीचे शिल्पकार म्हणणे अतिशयोक्त ठरेल. त्यांचा तेथील कालखंड अल्प होता आणि माध्यमाची पुढील रचना इतरांनी केली. उलट ही कारकीर्द एक किरकोळ मध्यंतर मानणेही योग्य नाही. कमी साधनांत, पुसण्याची सोय नसलेल्या क्षणी, अनोळखी माणसाशी परिचिताप्रमाणे बोलणे ही दूरचित्रवाणी-कलावंताची मूळ कसोटी होय आणि ती पु. लं.नी नाट्यगृहांत दीर्घकाळ पार पाडली. भारतीय दूरचित्रवाणीने आपला पहिला निर्माता अचूक निवडला होता. त्याला राखण्यासाठी लागणारा प्रेक्षक व मोकळीक यांची व्यवस्था तिच्याजवळ नव्हती. त्याचा लाभ मराठी रंगभूमीला झाला. दूरचित्रवाणीचे झालेले नुकसान मात्र मोजण्यासारखे पुरावेही मागे राहिलेले नाहीत.